रित्या गाभाऱ्याची देवता: काल्पनिक जगासाठी पोकळीचा आणि मौनाचा देव कसा घडवावा

काल्पनिक जग रचायला बसलेला माणूस कधी ना कधी पोकळीच्या देवापाशी येतोच. अग्नीचा देव झाला, समुद्राचा झाला, युद्धाचा झाला, पिकांचा झाला. मग प्रश्न पडतो, जिथे यातलं काहीच नाही तिथला देव कोण? प्रश्न फार सुंदर आहे. पण कागदावर उतरताना बहुतेक वेळा त्याचा घात होतो. कधी तो जग गिळायला निघालेला काळाकुट्ट राक्षस होतो आणि शेवटच्या प्रकरणात तलवारीने मरतो. कधी तो इतका धूसर होतो की त्याला ना भक्त असतात, ना देऊळ, ना कुणाच्या रोजच्या जगण्यात जागा.

मी माझ्या जगासाठी अशी देवता घडवायला घेतली तेव्हा पहिल्या मसुद्यात ती नायिकेशी तीन पानं बोलत होती. ते संभाषण मला मनापासून आवडलं होतं, म्हणून ते काढायला बरेच दिवस लागले. काढल्यावर उरली एक रिकामी खोली, उंबऱ्याबाहेर सोडलेली पायताणं आणि बाहेर येणाऱ्या नायिकेचा बदललेला चेहरा. देवता पहिल्यांदा जाणवली ती तेव्हा. त्या दिवसापासून मी एकच गोष्ट धरून चाललो आहे: पोकळी लिहिता येत नाही, तिची कड लिहिता येते. घडा घडवणारा कुंभार आतली जागा घडवत नाही, भोवतीची माती घडवतो. पुढच्या सगळ्या पायऱ्या या मातीच्याच आहेत.

उदाहरणासाठी मी माझीच देवता घेतो. तिचं नाव रिताई.

पायरी पहिली: कोणती पोकळी, कोणतं मौन?

ही पायरी सर्वांत महत्त्वाची आहे, म्हणून इथे घाई करू नका. 'शून्यतेचा देव' एवढं लिहून पुढे जाणाऱ्याला अडचण येते, कारण 'शून्यता' हा शब्द फार मोठा आणि गुळगुळीत आहे. आपल्या भाषेत त्याऐवजी कितीतरी टोकदार शब्द आहेत आणि प्रत्येकात एक वेगळी देवता दडलेली आहे.

रिकामं म्हणजे जे पूर्वी भरलेलं होतं किंवा पुढे भरायचं आहे. मोकळं म्हणजे ज्यात सुटका आहे. ओसाड म्हणजे जिथून माणसं गेली. पोकळ म्हणजे जे बाहेरून एक सांगतं आणि आत काही नसतं. भकास हे बघणाऱ्याच्या मनात असतं. सुनं सुनं वाटतं तेव्हा एखादं ठरावीक माणूस नसतं, आणि ते कोण हे आपल्याला नेमकं माहीत असतं. रितं म्हणजे ओतून दिलेलं.

मौनाचंही तसंच. शुकशुकाट रस्त्यावर असतो, सामसूम रात्री निजलेल्या गावात असते. माणसं चिडीचूप होतात ती धाकाने. अबोला दोघांत असतो आणि त्याला कारण असतं. मुकेपणात बोलता येत नाही, मौनात बोलता येत असूनही बोललं जात नाही. निःशब्द होणं म्हणजे शब्द अपुरे पडणं.

आता विचार करा. अबोल्याची देवता म्हणजे कोणावर तरी रुसलेली देवता. कोणावर, हा प्रश्न लगेच उभा राहतो आणि कथा सुरू होते. शुकशुकाटाचा देव साथीच्या काळात, सोडून दिलेल्या शहरांत, बंद दारांच्या गल्ल्यांत राहील. सुन्या घराची देवता प्रत्येक घरात वेगळ्या माणसाचा चेहरा घेऊन येईल.

यातला पोकळीचा एक शब्द आणि मौनाचा एक शब्द निवडा. मग आणखी एक जोडी निवडा: तुमच्या देवतेचे विरोधक तिला कोणत्या शब्दांनी ओळखतात? रिताईचे भक्त तिच्यात रितेपण आणि मौन पाहतात. तिला घाबरणारे लोक तिच्यात भकासपणा आणि मुकेपणा पाहतात. या दोन जोड्यांमध्ये जेवढं अंतर, तेवढी तुमच्या कथेला जागा.

शब्दांचा इतिहासही कामाला येतो. 'शून्य' हा शब्द 'फुगणे' या अर्थाच्या श्वि धातूशी जोडला जातो. फुगलेलं असतं ते आतून पोकळ असतं. आणि 'तुच्छ' या शब्दाचा जुना अर्थ आहे रिकामं. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातल्या १२९व्या सूक्तात, नासदीय सूक्तात, त्याच कुळातला शब्द सृष्टीआधीच्या पोकळीसाठी आला आहे. ज्या शब्दात विश्वाचा आरंभ होता तो झिजत झिजत तिरस्काराचा झाला. तुमच्या जगातही असं घडू शकतं: देवतेचं जुनं नाव आज शिवी म्हणून वापरलं जात असेल, आणि ते मूळ नाव आहे हे फक्त दोन-चार म्हाताऱ्यांना ठाऊक असेल.

पायरी दुसरी: ती कधीपासून आहे?

पोकळी जगाच्या आधीची असू शकते. ग्रीकांच्या 'खाओस' शब्दाचा मूळ अर्थ गोंधळ असा नव्हता. तो 'आ वासणे' या क्रियापदाशी जोडलेला आहे, म्हणजे जांभईसारखी उघडी दरी. नॉर्स, म्हणजे प्राचीन स्कँडिनेव्हियन, पुराणांत सृष्टीआधी गिन्नुंगागाप नावाची अशीच एक विशाल फट आहे. ही वाट निवडलीत तर देवता सर्वांत वयस्कर होते आणि बाकीचे देव तिच्यापुढे पोरं ठरतात.

पोकळी मुद्दाम केलेलीही असू शकते. सोळाव्या शतकात, आजच्या इस्रायलमधल्या साफेद गावी राहिलेल्या आयझॅक लुरिया या ज्यू गूढवाद्याच्या परंपरेत त्सिमत्सुम ही कल्पना आहे: सर्वत्र भरून राहिलेल्या ईश्वराने स्वतःला आकसून घेतलं, तेव्हा जगाला जागा झाली. मला ही कल्पना फार हलवून जाते. इथे पोकळी हीच देणगी आहे.

तिसरी वाट, पोकळी जगानंतरची. कोणीतरी मेलं, काहीतरी फाटलं, आणि त्या जागी देवता आली. ही वाट वापरून वापरून मळलेली आहे. घ्यायचीच तर काय गेलं ते अगदी नेमकं सांगा.

रिताईसाठी मी दुसऱ्या वाटेजवळून गेलो. सगळ्या देवांनी आपापलं दान जगात ओतलं आणि जग गच्च भरलं. पानाला हलायला जागा उरली नाही, हाकेला पोचायला अंतर उरलं नाही. तेव्हा एका देवीने आपल्या वाट्याचं दान परत उचललं आणि दूर नेऊन ओतलं. कुठे ओतलं, ते तिने कोणालाच सांगितलं नाही. तिचं मौन तिथून सुरू होतं. मिथक लिहून झालं की त्यात असा एक न मिळालेला पत्ता आहे का ते पाहा. ते दान नेमकं कशाचं होतं, हा प्रश्न मी अजून उघडा ठेवला आहे, आणि माझ्या जगातले तीन पंथ त्यावरून भांडतात.

पायरी तिसरी: देवतेला काम द्या

नुसतं 'नसणं' हे काम होत नाही. पण नसण्याने काम होतं, आणि याची दोन उत्तम उदाहरणं देवळाबाहेरची आहेत.

पहिलं व्याकरणातलं. पाणिनीने अष्टाध्यायीत लोपाची व्याख्या केली: अदर्शनं लोपः, म्हणजे न दिसणं म्हणजे लोप. आणि दोनच सूत्रांनंतर तो सांगतो की प्रत्ययाचा लोप झाला तरी त्या प्रत्ययामुळे होणारं कार्य होतं. प्रत्यय गेला, परिणाम राहिला. दुसरं गणितातलं. ब्रह्मगुप्ताने इसवी सन ६२८मध्ये शून्याचे नियम मांडले: समान धन आणि ऋण एकत्र आले की शून्य, शून्य मिळवलं तर संख्या तीच राहते. शून्य तिथे नियम पाळणारी संख्या झाली, आणि स्थानमूल्याच्या मांडणीत तर ते शेजारच्या अंकाची किंमतही ठरवतं.

मी रिताईचा मुख्य नियम थेट पाणिनीकडून घेतला. ती एखादी गोष्ट नेते, पण त्या गोष्टीचा परिणाम नेत नाही. एखादी बाई मेलेल्या मुलाचं दुःख रिताईच्या ओटीत टाकते. आठवण जाते, मुलाचं नाव जातं, पण रोज संध्याकाळी दारात जाऊन उभं राहण्याची सवय जात नाही. आता ती दारात उभी राहते आणि का उभी आहे हे तिला कळत नाही. एका नियमातून देवतेचं सामर्थ्य, तिची किंमत आणि तिच्या भक्तांची शोकांतिका अशा तिन्ही गोष्टी निघाल्या.

तुमच्या देवतेसाठी कागदावर चार ओळी लिहा. लोक तिच्याकडे काय घेऊन येतात? ती त्यातलं काय नेते? काय मागे राहतं? आणि नेलेलं परत मिळतं का? पहिल्या प्रश्नाला जितकी साधी माणसं सापडतील तितकं चांगलं. योद्धे आणि राजे नंतर येऊ देत. निद्रानाश झालेला पहारेकरी, मोठं गुपित सांभाळणारी सुईण, कानात सतत घुमणाऱ्या आवाजाने त्रासलेला घणकरी, साक्ष द्यायची वेळ आलेला भित्रा कारकून: अशा माणसांना मौनाची देवता का लागते, हे लिहायला बसलात की देवता आपोआप ठोस होते.

पायरी चौथी: अंधार बाजूला काढा

पोकळी म्हटलं की हात काळ्या रंगाकडे जातो. एकदा तरी थांबून विचारा, का? १६६०मध्ये रॉबर्ट बॉइल या शास्त्रज्ञाने हवेवरचे प्रयोग प्रसिद्ध केले. त्यात काचेच्या पात्रात घड्याळ टांगून आतली हवा काढली, तसतशी टिकटिक विरत गेली. घड्याळ मात्र समोर दिसत होतं. ध्वनीला माध्यम लागतं, प्रकाशाला लागत नाही. म्हणजे निसर्गाच्या नियमांनी पोकळी आणि मौन खरोखर एकत्र असतात. अंधार त्यांच्यासोबत असलाच पाहिजे असं काही नाही.

हे ध्यानात घेऊन मी रिताईचा प्रदेश भर दुपारी ठेवला. लख्ख ऊन, सगळं स्पष्ट, आणि आवाज नाही. समोरचा माणूस ओरडतो आहे हे त्याच्या गळ्याच्या शिरांवरून कळतं. रात्रीच्या गुहेपेक्षा हे चित्र जास्त अस्वस्थ करतं, असा माझा अनुभव आहे. तुमच्या देवतेला पांढरा रंग द्या, मातकट द्या, कोऱ्या कापडाचा द्या. काळा दिलात तर त्याचं कारण कथेत असू द्या.

पायरी पाचवी: नाव आणि हाक

मौनाच्या देवतेचं नाव उच्चारलं की मौन मोडतं. ही अडचण टाळू नका, तिचा उपयोग करा. नाव लिहिता येतं पण उच्चारता येत नाही. नाव वर्षातून एकदाच उच्चारतात. नावाच्या जागी श्वास घेऊन थांबतात. भक्तांच्या बोलण्यात वाक्य सुरू होतं, मध्ये एक श्वास येतो, आणि वाक्य पुढे जातं. परक्याला वाटतं माणूस अडखळला. पुढे याच अडखळण्यावरून गुप्त भक्त पकडले जातात.

प्राचीन रोममध्ये अँजेरोना नावाची देवी होती. तिच्या मूर्तीचं तोंड बांधलेलं आणि मोहोरबंद असे, आणि तिचा सण २१ डिसेंबरला येई. रोम शहराचं खरं, गुप्त नाव जपण्याशी तिचा संबंध जुन्या लेखकांनी जोडला आहे. शहराला एक नाव लोकांसाठी आणि एक नाव फक्त देवीसाठी! शत्रूला खरं नाव कळलं तर शहर जाईल, एवढा धागा कादंबरीभर पुरतो.

हार्पोक्रेटिसची गोष्ट तर मला सगळ्यांत बोलकी वाटते. इजिप्तमध्ये बालरूपातला होरस देव तोंडाशी बोट नेलेला दाखवत. ती खूण फक्त 'हे मूल आहे' असं सांगायची. ग्रीक-रोमन लोकांनी ती 'गप्प राहा' अशी वाचली आणि त्या बाळाचा मौनाचा देव झाला. एका चुकीच्या वाचनातून संपूर्ण देवता! तुमच्या पंथाचा पायाही असा असू शकतो. रिताईच्या सर्वांत जुन्या शिल्पात तिचा तळवा पुढे आहे. भक्त त्याचा अर्थ 'थांबा' असा करतात. खरं म्हणजे ती रिता हात दाखवते आहे.

नाव कसं बनवावं? मराठीत लिहीत असाल तर परभाषेतली जड अक्षरं जोडून नाव करण्याची गरज नाही. 'आई' हा प्रत्यय आपल्याकडच्या कितीतरी देवींच्या नावांत आहे. 'रितं'ला तो लावला आणि नाव तयार झालं. वाचकाच्या कानाला ते ओळखीचं वाटतं, त्यामुळे ती देवी त्या जगात फार जुनी असेल हे सांगावं लागत नाही.

पायरी सहावी: देऊळ

इथे खऱ्या जगाने आपल्यासाठी फार मोठं भांडार ठेवलं आहे. चिदंबरमच्या नटराज मंदिरात शिव आकाशतत्त्वाच्या रूपात आहे: पडदा सरतो, आणि आत रिकाम्या जागेत सोन्याच्या बिल्वपत्रांच्या माळा लोंबताना दिसतात. मूर्ती नाही, पण माळा आहेत, म्हणून त्या कोणाच्या तरी गळ्यात आहेत असं वाटतं. जेरुसलेममध्ये इसवी सनपूर्व ६३ साली रोमन सेनापती पॉम्पी मंदिराच्या सर्वांत आतल्या कक्षात शिरला. तिथे एकही मूर्ती नव्हती, गाभारा रिकामा होता, अशी नोंद टॅसिटस या रोमन इतिहासकाराने केली आहे. सांचीच्या तोरणांवर बुद्ध मानवरूपात कोरलेला नाही. गृहत्यागाच्या प्रसंगात घोडा चालला आहे, त्याच्यावर छत्र धरलेलं आहे, आणि पाठीवर कोणीच नाही.

तिन्ही ठिकाणी कारागिराने रिकाम्या जागेभोवती काहीतरी ठेवलं आहे: माळ, पडदा, छत्र. तुमच्या देवळातही आधी हेच ठरवा. रिकाम्या जागेकडे बोट दाखवणारी वस्तू कोणती?

आता आवाजाचं गणित. बहुतेक लेखक मौनाचं देऊळ उंच दगडी घुमटाचं करतात. पण गुळगुळीत दगड आवाज परतवतो. तिथे पाऊल वाजलं तरी ते घुमत राहतं. असं देऊळ सर्वांत बोलकं असतं. आवाज शोषतात ते मऊ, सच्छिद्र पदार्थ: लोकर, गवत, सुटी माती, ताजा भुसभुशीत बर्फ. खरं निःशब्द देऊळ बसकं असेल, भिंतींवर जाड लोकरीचे थर असतील, पायाखाली वाळू असेल. आणि तिथे गेलेल्या माणसाला पूर्ण शांतता मिळणार नाही. ध्वनिशोषक प्रयोगशाळांत बसलेल्या माणसांना स्वतःच्या हृदयाचे ठोके आणि श्वास मोठ्याने ऐकू येऊ लागतात. रिताईच्या गाभाऱ्यात भक्त हेच ऐकायला जातात. तिथल्या भाषेत त्याला 'आतली चाल' म्हणतात.

दगडी, घुमणारं देऊळही ठेवता येईल, पण मग त्याचा उपयोग उलटा करा: तिथे पुटपुटलेला प्रत्येक शब्द दुसऱ्या टोकाला ऐकू येतो, म्हणून कोणी तोंड उघडत नाही. हे देऊळ भीतीवर चालतं. कोणत्या पंथाने कोणतं बांधलं, यावरून पंथ ओळखू येईल.

पायरी सातवी: माणसं, नियम, सण

मौन पाळणाऱ्या माणसांच्या समूहाला व्यवहार करावा लागतो. दहाव्या शतकापासून फ्रान्समधल्या क्लूनी मठातल्या ख्रिस्ती साधूंकडे हातांच्या खुणांचा संच होता. भाकरी, मासा, पुस्तक अशा रोज लागणाऱ्या गोष्टींना त्यात खुणा होत्या. त्यावरून कळतं की मौन म्हणजे भाषेचा अंत नसतो, भाषा फक्त घर बदलते. तुमच्या उपासकांची खुणांची भाषा ठरवा, आणि तिच्यात कोणत्या गोष्टीला खूणच नाही तेही ठरवा. रिताईच्या मठात 'माझं' या शब्दाला खूण नाही. नवशिका छातीवर हात ठेवून ते सांगू पाहतो, आणि सगळे समजूनही न समजल्यासारखं करतात.

याशिवाय काही रोखठोक प्रश्नांची उत्तरं तयार ठेवा. आग लागली तर कोण ओरडतं? ओरडणाऱ्याला प्रायश्चित्त असतं की मान? लहान मुलं मठात असतात का? भांडण झालं तर निवाडा कसा होतो? झोपेत बडबडणाऱ्याचं काय? मी ठरवलं की मठात एक 'वाचाळी' असते. बोलण्याची परवानगी असलेली ती एकटी, दाराशी राहते, आलेल्यांशी बोलते, आग लागली तर हाक देते. तिला गाभाऱ्यात कधीच जाता येत नाही. या एका पात्रावर माझा मुख्य पुजाऱ्यापेक्षा जास्त जीव आहे.

सणासाठी पंचांगाकडे पाहा. जी तिथी सूर्योदयानंतर सुरू होऊन पुढच्या सूर्योदयाआधी संपते तिला क्षय तिथी म्हणतात. दिवसांच्या मोजणीत ती गळते. १५८२मध्ये नवीन ग्रेगोरियन कॅलेंडर लगेच स्वीकारणाऱ्या देशांत ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ ऑक्टोबर उजाडला. गळालेल्या दिवसांचा मालक कोण? रिताई. तिच्या सणाला 'गळीत' म्हणतात. त्या दिवशी व्याज चढत नाही, केलेला करार टिकत नाही, आणि त्या दिवशी जन्मलेल्या मुलाचं वय मोजलं जात नाही. शेवटच्या नियमाने तर मला एक पूर्ण पात्र दिलं: चाळीस वर्षं जगलेली आणि कायद्याने अजून जन्मच न झालेली बाई.

पायरी आठवी: मौन कोणाच्या सोयीचं?

ही पायरी गाळली तर देवता गोड आणि खोटी राहते. रोमन पुराणात लारा नावाच्या अप्सरेची गोष्ट आहे. देवांचा राजा ज्युपिटर याचा एका स्त्रीवर डोळा आहे हे तिने त्या स्त्रीला आणि ज्युपिटरच्या पत्नीला सांगून टाकलं, म्हणून त्याने तिची जीभ उपटली. पुढे मौनाची देवी म्हणून पुजली जाते ती हीच. म्हणजे जिला गप्प केलं गेलं तिलाच मौनाची देवी करून टाकलं.

मौन आपणहून घेतलेलं असतं तसं लादलेलंही असतं, आणि सत्तेला दुसरं फार आवडतं. तुमच्या जगातला राजा अशा पंथाला जमिनी का देतो? मठात कोणाच्या मुली पाठवल्या जातात, आणि त्यांनी काय पाहिलेलं असतं? गुन्ह्याची एकमेव साक्षीदार साक्षीच्या आदल्या रात्री दीक्षा घेते, तेव्हा ती कोणाच्या इच्छेने? रिताईच्या भक्तांत यावरून उभी फूट आहे. एक गट म्हणतो, देवीने स्वतःचं ओतलं. दुसऱ्याचं ओतून घेणं हे पाप. दुसरा गट राजदरबारात बसतो. देवता स्वतः काही बोलत नाही, त्यामुळे दोघांपैकी कोण खरं ते कोणालाच विचारता येत नाही. बोलणाऱ्या देवांच्या धर्मात ही धार येत नाही.

पायरी नववी: पानावर उतरवताना

'गाभाऱ्यात भयाण शांतता पसरली होती. ती शांतता जणू तिच्याशी बोलत होती.' या वाक्यांत मौन कुठेच नाही, मौनाचं लेबल आहे. शांतता ही काय थांबलं यावरून कळते, आणि ते एकेक करून थांबलं पाहिजे:

'उंबरा ओलांडला तसा मागचा ओढा ऐकू येईनासा झाला. मग कंकणांचा आवाज गेला. तिने हात हलवून पाहिला. कंकणं हलली, वाजली नाहीत. ती श्वास रोखून उभी राहिली आणि तेव्हा तिला कळलं की आपण मघापासून मनात काहीतरी मोजतो आहोत. चाळीस. एकेचाळीस. मग तेही थांबलं.'

दूरचा आवाज, मग अंगावरचा, मग शरीरातला, मग मनातला. हा क्रम मला नेहमी उपयोगी पडतो. अशा प्रसंगात विशेषणं कमी करा. 'गूढ', 'अथांग', 'अनंत' हे तीन शब्द तर मी या देवतेपुरते पूर्ण बंद केले आहेत. टिंबांच्या रांगा टाळा. कोरं पान सोडण्याची युक्ती एका पुस्तकात एकदाच चालते, तीही वाचकाला त्या पानावर काय असायला हवं होतं हे माहीत असेल तर.

आणि देवतेला बोलू देऊ नका. स्वप्नात नको, पुजाऱ्याच्या तोंडून नको, आकाशवाणी तर नकोच. तिचं उत्तर म्हणजे एखादी गोष्ट नाहीशी होणं. प्रार्थना करून घरी आलेल्या माणसाच्या कोनाड्यातून एक वस्तू गेलेली असते, आणि कोणती ते त्याला शोधावं लागतं.

गटाने खेळायच्या भूमिकाखेळासाठी ही देवता करत असाल तर एवढंच सांगतो: शत्रूंचे मंत्र बंद पाडणं हे वरदान सगळेच देतात. त्यापेक्षा खेळाडूला काहीतरी द्यायला लावा. पात्राच्या कागदावरची एक ओळ त्याने स्वतः खोडायची, आणि त्या ओळीचा परिणाम मात्र खेळात चालू ठेवायचा.

मसुदा पुरा झाल्यावर मी एक तपासणी करतो. एक प्रत काढून तिच्यातून देवतेचं नाव जिथे जिथे आलं आहे तिथे तिथे खोडतो, आणि ज्याने आधीचं काहीच वाचलेलं नाही अशा माणसाला ती देतो. नंतर एवढंच विचारतो: या गावात कोणाची पूजा होते? तो माणूस पायताणांबद्दल, वाळूबद्दल, दारात उभ्या राहणाऱ्या त्या बाईबद्दल बोलू लागला, तर मी नाव परत लिहितो. 'कोणाचीच नाही' म्हणाला, तर मी पुन्हा तिसऱ्या पायरीपाशी जाऊन बसतो.